बोनिफास यांच्या मतांचा कागद

येत्या शनिवारी माझ्या पोटाचे ऑपरेशन आहे आणि सेलिनच्या पत्राला मी चार महिने उत्तर दिलेले नाही. या दोन कारणांमुळे हे मृत्युपत्र लिहीत आहे.

मी, रत्नाबाई शिवदास तळगावकर, वय ५९, गणित घेऊन बी. ए. (१९४३), निवृत्त शिक्षिका, राहणार हूरा, मनामा. माझे डोके ठिकाणावर आहे. कोणी जबरदस्ती केलेली नाही; माझ्यावर ती करणे किती अवघड आहे हे साक्षीदार जाणतात. मूल नाही. यजमान १९७६ मध्ये वारले.

१. घर कुठेच नाही. या दोन खोल्या हाशिमच्या आहेत. त्याची किल्ली त्याला परत द्यावी, भिंतीला ठोकलेल्या फळ्याही त्यालाच. १९७३ मध्ये इथे मतदान झाले तेव्हा तो मत देऊन हसतच वर आला. मी म्हणाले, "आकडे शाईत लिहायला सांग." तो म्हणाला, "टीचर, फिकर मफी!" म्हणजे काळजी नको. दोन वर्षांत ती निवडून आलेली सभा बरखास्त झाली. पुढे आम्ही दोघांनीही तो विषय काढला नाही.

२. बँकेतली शिल्लक माझी नणंद मंगला हिला. माझ्या लग्नात तिने भर मांडवात विचारले होते, "एवढी शिकलेली आहे, भाकरी तरी येते का?" येत होती. आभाराचे पत्र पाठवू नये.

३. यजमानांची हत्यारे पुतण्या शंभू याला. तो मआमीरला ड्रायव्हर आहे. पान्यांना दर महिन्याला तेल लावावे. गेल्या वर्षी माझी ट्रंक हलवताना त्याने खालील कलमातला कागद उचलला आणि म्हणाला, "काकी, ह्यो कागद कित्याक ठेवलंस गे? खणात घालूक बरो आसा." त्याची चूक नाही. मी कोणालाच काही सांगितले नव्हते. आता सांगते.

४. यजमानांच्या नोकरीमुळे आम्ही मध्य आफ्रिकेतल्या एका देशात नऊ वर्षे होतो. देशाचे नाव लिहीत नाही. तिथे अजून काही माझे विद्यार्थी आहेत. स्वातंत्र्यानंतरची पहिली निवडणूक १९६३ मध्ये झाली. आमच्या गावातून शाळेचे मुख्याध्यापक बोनिफास उभे होते. बहुतेकांना वाचता येत नव्हते, म्हणून प्रत्येक मतदाराला दोन रंगांची कार्डे मिळत. हिरवे बोनिफास यांचे, पिवळे दुसऱ्याचे. हवे ते पाकिटात घालायचे, नको ते टोपलीत टाकायचे. मी परकी, कोणाच्या बाजूची नाही, म्हणून मोजणी माझ्याकडे दिली.

कच्च्या कागदावर मी पेन्सिलीने पाच-पाचच्या रेघा ओढल्या. हिरवी ६४१, पिवळी २१४. दोन्ही बाजूंच्या माणसांचे अंगठे त्याच कागदावर घेतले. मग सरकारी फॉर्मवर खाली शाईने सही केली आणि आकडे पेन्सिलीने लिहिले. वर्गात मी मुलांना हीच शिस्त लावली होती : आधी पेन्सिल, पडताळा, मग शाई. पडताळा बाकी होता. जिल्हा अधिकारी म्हणाला, "मॅडम, गाडी सुटते आहे, शाई आम्ही फिरवू." आणि फॉर्म घेऊन गेला.

दुसऱ्या दिवशी रेडिओवर आकडे उलटे झाले होते. बोनिफास आमच्या दारात आले. "मॅडम, सही तुमची आहे का?" "हो." त्यांनी टोपी घातली आणि ते गेले. मी कच्चा कागद घेऊन त्यांच्या मागे निघाले तेव्हा यजमान म्हणाले, "गप्प बैस. आपण परके आहोत." मी बसले. तीन आठवड्यांनी सैन्याने सत्ता घेतली आणि बोनिफास यांना शाळेतूनच ट्रकमध्ये घालून नेले. ते परत आले नाहीत. यजमान चुकीचे बोलले असे मी म्हणत नाही, पण ते वाक्य मी कोणाच्या नावावर करत नाही. ते माझ्याबरोबर जाईल.

सेलिन ही बोनिफास यांची मुलगी, आता फ्रान्समध्ये नर्स आहे. वडिलांनी विचारलेलेच तिने पत्रात विचारले आहे. मोजणीचा हा कच्चा कागद ~~माझ्या मृत्यूनंतर~~ तिला द्यावा.

इथवर वाचून दाखवल्यावर खालच्या मजल्यावरची टेरेसा म्हणाली, "बाई, आणि तुम्ही बऱ्या होऊन आलात तर? पोरीने काय तुमच्या मरणाची वाट बघायची?"

तिचा नवरा इलायस म्हणाला, "अगं, जरा हळू."

"कशाला हळू? त्यांनी आपल्या पोरांना कधी हळू सांगितलं?"

कलम ४ मधले दोन शब्द मी साक्षीदारांसमोर खोडले आहेत. खाडाखोडीवर सही केली आहे. शंभूही आज इथे आहे; त्याने कच्च्या कागदावरच्या पुसट आकड्यांवर शाई फिरवू का विचारले. नाही म्हणून सांगितले.

साक्षीदाराला वाटा देता येत नाही, म्हणून टेरेसा आणि इलायस यांना काही ठेवलेले नाही. त्यांनी मनाला लावून घेऊ नये.

सही : रत्नाबाई शिवदास तळगावकर
साक्षीदार : १. टेरेसा इलायस डाबरे २. इलायस डाबरे
हूरा, मनामा. गुरुवार, १२ नोव्हेंबर १९८१.

आज सकाळी साडेदहा वाजता, पोस्ट बंद होण्याआधी, टेरेसाच्या हाती रजिस्टरने पाठवण्यासाठी दिले :
मोजणीचा कच्चा कागद, एक, दोन अंगठ्यांसह.
माझे पत्र, एक, शाईने लिहिलेले. मजकूर : "सही माझी होती. आकडे माझे नव्हते. तुझे वडील निवडून आले होते."
मिळाले. — टेरेसा