वाटघटी बुडेना

प्रिय वीरधवल,

चारचौघांत अहो-जाहो आणि पत्रात तू, ही सूट लग्नानंतर तूच दिली होतीस. आज ती पुरेपूर वापरणार आहे. परवा फोनवर विचारलंस, नोकरीची मुदत पुन्हा वाढवून घेऊ की कायमचा घरी येऊ? मी म्हटलं, तुमचं तुम्ही ठरवा. तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. नर्सरीच्या शेडमध्ये कामाच्या बायका खोळंबल्यात, आणि मी दोन ओळी लिहून उठते, वाटघटीच्या घंगाळात डोकावते, पुन्हा येऊन बसते.

मागे तू तुझ्या पंजाबी दोस्ताला आपली वाटघटी समजावून सांगत होतास आणि त्याला काही केल्या पटेना, ते आठवतं? माणूस पलटणीत गेला की बायकोनं बारीक भोकाची तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. तिच्यात पाणी शिरतं ते वाट पाहिली तरच. भरली की बुडते, तळाला ठण्णकन वाजते, आणि या घरात वाट पाहणं चालू आहे हे गल्लीला कळतं. मग उचलून पुन्हा सोडायची. तो बिचारा म्हणाला, आमच्याकडे नुसतं घड्याळ असतं.

आपल्या नव्या नवलाईत तर सोडली की बुडायची. धोंडुबाई भिंतीपलीकडून ओरडायच्या, "आगं, जरा दमानं वाट बघ की! आमाला झोपू दे." मी लाजून अर्धी झाले होते, आणि तुला सांगितलं तर तू नुसता हसत सुटलास.

मग मागच्या खेपेला येतो येतो म्हणालास आणि मला न विचारता मुदत वाढवलीस. मी रडले, भांडले, आणि ऊसरोपांची नर्सरी काढली. उसाचे डोळे ट्रेमध्ये लावायचे, त्यांत भरायला सांगलीहून कोकोपीट आणायचं, त्यासाठी पिकअपसुद्धा शिकले. आबा सगळ्यांना सांगतात, "सून गाडी लय पळवती." या धबडग्यात वाटी उचलायचं माझ्या ध्यानातूनच गेलं. आवाज मात्र येत होता. मला वाटलं, आई उचलत असतील.

गेल्या आठवड्यात किल्ली विसरली म्हणून भरदुपारी घरी आले, तर आई घंगाळापाशी उकिडव्या बसलेल्या, हात कोपरापर्यंत ओला, वाटी बोटानं खाली दाबतायत. ठण्ण! मला पाहून दचकल्यासुद्धा नाहीत. "असू दे गं. गल्लीला ऐकू गेलं म्हंजी झालं," म्हणाल्या. "तुज्या सासऱ्यांच्या येळंला माजीबी थांबली हुती. मी बोटानंच बुडवली. त्यास्नी अजून ठावं न्हाई." आणि बाहेर सोप्यात आबा कुणाला तरी सांगत होते की त्यांच्या नोकरीत हिची वाटी एक दिवस थांबली नाही. मला आधी हसू आलं, मग मी स्वतः वाटी पाण्यावर सोडून पाहिली.

मी प्रयत्न केले रे. तुझा फोटो समोर घेऊन बसले. तुला आवडते ती जांभळी साडी नेसून दारात उभी राहिले, तर धोंडुबाई विचारतात, "कुणाचं लगीन हाय?" वाटी आपली तरंगतेच आहे. तुझ्यावरचा राग केव्हाच गेला. तू फोनवर नुसता खोकलास तरी मला घास उतरत नाही. पण वाट पाहणं थांबलंय, आणि हे आईंसारखं बोटानं दाबून ठेवणं मला जमणार नाही. आबा घरी आले ते वाट पाहणाऱ्या बायकोकडे आलो असं समजून. आता दोघं एका घरात राहतात, पण बोलायला त्यांना काही सापडत नाही. रोज बघते मी.

म्हणून तू मुदतीच्या कागदावर सही करायच्या आधी तुला हे लिहिलं. तू आलास तर दारात भाकरतुकडा ओवाळायला आई असतील, मी शेडमध्ये असेन, हात मातीचे असतील. तुझ्या येण्या-जाण्यावर माझा दिवस आता उगवत-मावळत नाही. मी तुझी वाट पाहत नाहीये, वीरधवल, आणि तरीही तू घरी यावंस असं मला फार वाटतं. दोन्ही एकाच वेळी खरं आहे. परवा फोनवर मला हेच बोलता आलं नाही.

अजूनही तुझीच,
दीपमाला