पुलावरचा माणूस

मंगळवार, रात्र

दादा कळंबहून माझ्याकडं बारामतीला येऊन आठवडा झाला. उजव्या हाताचं प्लास्टर निघालं, पण बोटांच्या व्यायामाचं नाव नाही. "पुन्यांदा पहिल्यापासनं कोण करत बसतंय?" हेच पालुपद. वैतागून आज टीव्हीवर आमचा लहानपणीचा गेम लावला. महिन्याची वर्गणी भरली की असले जुने गेम मिळतात, हे त्याला खरंच वाटेना.

पण खेळायला लागला की! आखडलेला अंगठाही हलला. मी तसं बोलून दाखवलं असतं तर ठेवूनच दिला असता ना रिमोट?

गेममधला पूल आला तसा ओरडला, "आता लाईट जाईल बघ!" गावाकडं नेमकी त्या पुलावरच लाईट जायची, आणि आली की गेम पुन्हा पहिल्यापासून. पुलापलीकडं काय आहे, आम्हाला अजून माहीत नाही.

मी गेम सेव्ह केला आणि सरळ बटणच बंद केलं.

"अगं, काय केलंस!"

परत लावलं. माणूस पुलावरच उभा. दादा बघतच राहिला.

जेवताना त्यानं उजव्या हातानं घास उचलला. निम्मा सांडला. मी चमचा पुढं केला.

"चमचा नगं," म्हणाला. "उद्या पूल वलांडायचाय."