रिकामी बशी

१२ मार्च २००४
शेजारी इटालियन जोडपं आलंय. बायको पावला संशोधक. नवरा ब्रूनो माझ्यासारखाच घरी, जोडीदाराच्या व्हिसावर इथे परदेशात नोकरीची परवानगी नाही. ऑफिसला निघता निघता मिलिंद म्हणाला, "तुला कंपनी मिळाली यार." ब्रूनो टीव्ही मालिका लिहितो! मीही सांगून टाकलं, लग्नाआधी मुंबईत मालिकेचे संवाद लिहायचे. त्याने विचारलं, आता काय लिहितेस? आमटी उतू जातेय म्हणून आत आले.

२५ मार्च
पाडव्याला शेजारी दिलेला श्रीखंडाचा डबा ब्रूनोकडून परत. लख्ख धुतलेला, रिकामा. म्हटलं, आमच्यात डबा रिकामा परत करत नाहीत. काही नसलं तर चमचाभर साखर घालावी. मावशीची आणि तिच्या शेजारणीची गोष्टही सांगितली. वर्षानुवर्षं अबोला, पण डबा कधी रिकामा गेला नाही. ब्रूनो म्हणाला, परत सांग. केवढं बरं वाटलं. एवढ्यावरच हुरळले, मूर्ख मी.

१९ जून
ब्रूनो इथून ईमेलने लिहून पाठवतो. कित्येक वर्षं तीच हॉस्पिटलची मालिका. श्रेयनामावलीत त्याचं नाव शेवटून दुसरं, वाचेपर्यंत निघून जातं, असं तोच हसत सांगतो. तिकडेही कुणी ओळखत नाही म्हणे.
निघून जायला का होईना, त्याचं नाव लागतं तरी.

२६ सप्टें., रवि.
मंडळाच्या गणपतीत माझी एकांकिका. साउंडवाले, पडदेवाले, समोसे आणणारे काका, सगळ्यांचे आभार झाले. लेखिका राहिली. मि. म्हणतो, सोड ना, सगळ्यांना माहितेय.
नाही सोडणार.

११ डिसें.
ब्रूनोने कॉम्प्युटरवर त्याचा नवा भाग दाखवला. दोन म्हाताऱ्या, एक जिना, अबोला, आणि कधीच रिकामी न जाणारी बशी. भाषा येत नाही, तरी सगळं कळलं. वाईट म्हणजे, सुरेख झालाय. मी दोघींना पानभर संवाद दिले असते, त्याने गप्प ठेवलंय. या भागावर त्याला स्वतःची मालिका मिळतेय. आता नाव पहिलं. पावला टाळ्या वाजवत होती, मीही वाजवल्या.
जळतेय मी. इथे तरी खरं लिहावं.

१४ डिसें.
त्यांच्याकडून बदामाची बिस्किटं आली होती. बशी धुऊन परत दिली. साखरेचा डबा हातात घेतला होता, तो परत ठेवला. मुद्दाम.

१५ डिसें.
सकाळी दारात ब्रूनो, हातात तीच बशी. कळणारच, मीच शिकवलंय. म्हणाला, "रागावलीस."
हो म्हटलं. गोष्ट माझी होती, विचारायचं तरी. चुकलं म्हणाला, मान खाली घालून. मग बशीकडे बघत राहिला. ते बघणं मी ओळखते, गोष्ट सापडली की माझंही तसंच होतं.
"ही रिकामी पाठवणं... मालिकेत वापरू?"
"नाही. हे मी लिहिणार आहे."
बशी त्याच्या हातातून काढून घेतली. ओट्यावर ठेवलीय. मि.ला अजून सांगितलं नाही.
दुपारपासून दीड पान झालं. गोष्टीतल्या दोघी अजून गप्पच आहेत. संवाद सुचतायत, घालत नाहीये.