सहा ओळींचा पास्ता

सोमवार, ३ मार्च. संध्याकाळी ७.१०
आजपासून रोजनिशी पुन्हा सुरू. (मागची १९ जानेवारीला बंद पडली. कारण: पेन.)

निमित्त मोठं आहे. येत्या रविवारी बायको पन्नास वर्षांची होतेय. गेल्या आठवड्यात ती बाथरूममध्ये घसरली, उजवं मनगट मोडलं, सहा आठवडे प्लास्टर. काल मेव्हणी आणि साडूभाऊ तिला बघायला आले. साडूभाऊ विम्याचं काम करतात. बोलतात मात्र जणू पहिली फोडणी जगात त्यांनीच घातली. म्हणाले, रविवारी मी येतो आणि वाढदिवसाचा स्वयंपाक करतो, तुमच्याच्यानं काही व्हायचं नाही.

माझ्या तोंडून निघून गेलं की रविवारचं जेवण मी करणार. पाच माणसांचं. एकट्यानं.

खोलीत शांतता पसरली. आदरानं असावी.

बायको म्हणाली, तुम्ही? कन्या म्हणाली, बाबा, तुला चहा तरी येतो का? लक्ष दिलं नाही. मी वजनमाप खात्यात निरीक्षक आहे. तेवीस वर्षं दुकानदारांचे काटे तपासतोय. स्वयंपाक म्हणजे शेवटी काय? वजन आणि माप. बाकी नुसता बाऊ.

संकल्प: १) रोज एक सराव. २) बायकोला संपूर्ण विश्रांती. तिला एकही प्रश्न विचारायचा नाही.

मंगळवार, ४ मार्च. सकाळी ७.३०
पदार्थ ठरला. पास्ता, भाज्यांच्या सॉसमधला. कन्येनं सुचवला. का, तर म्हणे दहा वर्षांची पोरंही करतात. कृती तिनं कागदावर लिहून फ्रिजला चिकटवली. टोमॅटो, लाल ढोबळी मिरची, गाजर, कांदा, लसूण परतायचं, गार झाल्यावर मिक्सरमधून काढायचं, पास्ता उकळत्या पाण्यात शिजवायचा, दोन्ही एकत्र. एकूण सहा ओळी. सहावी ओळ: "एवढंच!"

सहा ओळींत आमच्या खात्यात रजेचा अर्जही होत नाही.

संध्याकाळी ६
कृती नव्यानं लिहून काढली. चार पानं, दोन तक्ते. प्रत्यक्ष काही शिजवलं नाही, पण पाया भक्कम झाला.

बायकोला फक्त विचारलं, सोलाणं कुठे आहे. आणि मोठं पातेलं. आणि चाळणी. आणि आपल्याकडे लसूण असतो का. हे प्रश्न नव्हेत, चौकशी.

बुधवार, ५ मार्च. संध्याकाळी ७.४५
पहिला सराव: पास्ता. अर्धा किलो नळ्या वजनकाट्यावर तंतोतंत घेतल्या. उकळत्या पाण्यात टाकायच्या हे मला पटत नाही. माणूस असो की नळी, एकदम कढत पाण्यात कुणाला ढकलू नये. गार पाण्यात ठेवल्या, खाली मंद आच, वर झाकण.

तेवढ्यात साडूभाऊंचा फोन. तयारी कुठवर आली, असं खोचून विचारत होते. मी त्यांना माझे तक्ते वाचून दाखवले. दोन्ही.

परत आलो तर पास्ता झाला होता. पुष्कळ नळ्यांचा मिळून एकच. पातेल्याच्या आकाराचा. पातेलं उलटं केलं तरी पडेना. ठोकलं तेव्हा धप्पकन पडला आणि ओट्यावर थोडा वेळ थरथरत राहिला.

वजन केलं. आत घातला ५०० ग्रॅम, बाहेर आला १ किलो १४० ग्रॅम. दुकानदारानं असं केलं असतं तर मी त्याचा काटाच जप्त केला असता.

निष्कर्ष: पास्ता निकृष्ट आहे. दुसरा आणावा. बायको म्हणाली, पाणी उकळल्यावर टाका. सूचना नोंदवून घेतली.

गुरुवार, ६ मार्च. संध्याकाळी ७
आज सॉस. सुरुवात झकास. कांदा परतला, गाजर परतलं, टोमॅटो पडले, मिरची पडली. घरभर वास सुटला. कन्या खोलीतून बाहेर येऊन म्हणाली, अरे वा. (वेळ ६.१२. नोंद असावी.)

कृतीत लिहिलंय, "गार झाल्यावर." पण गार म्हणजे किती? तापमान दिलेलं नाही. जिथे नियम मोघम, तिथे अधिकाऱ्यानं निर्णय घ्यायचा असतो. मी घेतला. कढईतलं वाफाळतं मिश्रण थेट मिक्सरच्या भांड्यात, काठोकाठ. झाकण लावलं. बटण दाबलं.

६.१९. झाकण छताला.

पाठोपाठ सॉस. छत, पंखा, कॅलेंडर, माझा चष्मा. उरलेला खिडकीतून बाहेर. पाचच मिनिटांत बेल वाजली. खालच्या मजल्यावरच्या दातांच्या डॉक्टरीणबाई. त्यांचे पांढरे कोट बाल्कनीत वाळत होते. त्या कोट हातात धरून म्हणाल्या, उद्या हे घालून बसले तर पेशंट खुर्चीतून उठून पळतील. मी त्यांना शांतपणे समजावलं की सॉस संपूर्ण भाज्यांचा आहे, त्यात मांसाहारी काही नाही. त्यांचं समाधान झालेलं दिसलं नाही. काही माणसं मुळातच चिडकी.

बायको दारात उभी राहून छताकडे बघत होती. मग मी विचारलं, छत कशानं पुसायचं, शिडी कुठे आहे, आणि लाल डाग कशानं जातात? तीनच गोष्टी.

मिक्सरमध्ये कंपनीचा दोष आहे. तक्रार करणार.

शुक्रवार, ७ मार्च. संध्याकाळी ६.३०
विश्रांती आणि चिंतन. मान दुखते (छत).

आज मिठाचा प्रश्न धसास लावला. कन्येनं लिहिलंय "चवीनुसार मीठ." तेवीस वर्षांत मी असं माप पाहिलेलं नाही. चवीनुसार हे माप नव्हे, पळवाट आहे. शाळेत गणित शिकवणाऱ्या बायकोला म्हटलं, आकडा सांग. म्हणाली, चाखून बघा. मी म्हटलं, आकडा. ती म्हणाली, मी जरा पडते.

शेवटी तत्त्वावर हिशेब केला. भाज्या एवढ्या, पाणी एवढं, माणसं पाच. उत्तर: ६२ ग्रॅम. दोनदा ताळा केला. आता कुणाच्या जिभेवर अवलंबून राहायला नको.

शनिवार, ८ मार्च. दुपारी ४
रंगीत तालीम. सॉस गार करून वाटला (आधीचा निर्णय फिरवलेला नाही, फक्त स्थगित केलाय). पास्ता उकळत्या पाण्यात टाकला. नळ्या सुट्ट्या राहिल्या! बहुतेक.

कन्येनं तीन घास खाल्ले, चार ग्लास पाणी प्यायली, आणि एकाएकी तिला अभ्यास आठवला. मुलगी सुधारतेय. बायको म्हणाली, ६२ म्हणजे जास्तच होतंय हो. पण एका हातानं जेवणाऱ्या माणसाला चव नीट कळत नसावी.

५.१५
बायको दार लावून बहिणीशी फोनवर बोलतेय. अधूनमधून खूप हसण्याचा आवाज. माझ्यासाठी काहीतरी बेत शिजतोय, नक्की. कौतुक समारंभ वगैरे. नको नको म्हणेन.

रविवार, ९ मार्च. सकाळी ८.०५
वाढदिवस. हाताशी वेळ असावा म्हणून पास्ता आत्ताच शिजवून पातेल्यात झाकून ठेवला. साडूभाऊंनी यापासून शिकावं.

९.३०
सॉस तयार. मीठ घातलं. ६२.

९.५०
मीठ घातलं होतं का? तक्त्यात टिक नाही. ज्याची नोंद नाही ते झालंच नाही, हा खात्याचा नियम. घातलं. ६२.

१२.१०
बायको तयार होऊन आली. नवा निळा ड्रेस, केस वर बांधलेले. कन्येनं बांधून दिले असणार. छान दिसत होती. सांगणार होतो, पण तोंडातून निघालं, किसणी कुठे आहे?

ती खुर्चीवर बसली. म्हणाली, मी ताईबरोबर बाहेर जेवायला चाललेय. लेकही येतेय. मला वाटलं थट्टा. ती म्हणाली, हात मोडल्यापासून मला वाटलं होतं जरा आराम मिळेल. पण या आठवड्यात मी जेवढा स्वयंपाक केला तेवढा दोन्ही हात धड असताना केला नव्हता. सगळा तोंडानं. पन्नाशीची मला एकच भेट हवी. तीन तास मला कुणी काही विचारू नये.

मी म्हटलं, मग परत कधी येणार?

ती म्हणाली, बघा.

गेल्या.

१.२०
साडूभाऊ आले. मेव्हणीनं त्यांना आमच्याकडे धाडलं होतं. जेवण तयार आहे असं सांगून. हातात स्वतःची सुरी, चामड्याच्या म्यानात.

झाकण काढलं. सकाळी आठचा पास्ता. बुधवारच्या त्या गोळ्याचा थोरला भाऊ. साडूभाऊ म्हणाले, सरका, आपल्या हातचं काम आहे. बाह्या सरसावल्या. मग बराच वेळ पातेल्याकडे बघत राहिले. मग विचारलं, गॅस कुठून लागतो?

मी त्यांना म्हटलं, साडूभाऊ, खरं सांगा. ते स्टुलावर बसले. म्हणाले, आमच्याकडे चिरते ती, वाटते ती, शिजवते ती. पाहुणे आले की मी शेवटी जाऊन ढवळतो. आणि वरून कोथिंबीर घालतो.

एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच हा माणूस मला आवडला.

१.४५
पास्ता त्यांच्या सुरीनं वड्या पाडून कापला. सॉसमध्ये बुडवून एकेक वडी तोंडात टाकली. साडूभाऊंच्या डोळ्यांतून पाणी आलं. म्हणाले, समुद्रात पडलो होतो लहानपणी, त्याची आठवण झाली.

कन्येला फोन लावला. तिनं विचारलं, आग लागलीय? नाही म्हटलं. मग ठेवते, म्हणाली. मागे आईच्या हसण्याचा आवाज येत होता. असं हसणं मी शेवटचं कधी ऐकलं, ते आठवेना.

दोघांनी पाव खाल्ला.

४.३०
बायको परतली. सोबत डबा आणला. हॉटेलातला पास्ता, भाज्यांच्या सॉसमधला. तुम्ही उपाशी असाल म्हणून, म्हणाली. ओट्यापाशी उभ्यानंच चाखला. त्यात मीठ कमी आहे असं लिहायला पेन उघडलं.

कमी नव्हतं. डबा पुसून खाल्ला. मग म्हटलं, निळा रंग तुला शोभतो. ती म्हणाली, बारा वाजता सांगायचं होतं.

सोमवार, १० मार्च. संध्याकाळी ७
आजपासून नवी पद्धत. बायको स्टुलावर बसून सांगणार, मी करणार. मधे बोलायचं नाही, ही तिची अट. तक्ते रद्दीत.

एक कांदा चिरला. वेळ: अकरा मिनिटं. डोळे चोळले, ते चुकलं. तुकडे साधारण एकसारखे. सुरी धुऊन ठेवली, हात पुसले, मला वाटलं, झालं.

बायको म्हणाली, आता दुसरा.