कुलसुमसाठी जास्वंदीची जेली

२ मे १९२६, रविवार. श्रीवर्धन.
बावीस वर्षं आगबोटीवर काढून कायमचा घरी आलो. दोन आठवड्यांनी मुलीची, कुलसुमची, पाठवणी. म्हसळ्याहून सासरची मंडळी न्यायला येतील, त्यांच्यापुढे जास्वंदीची जेली ठेवायची. मीच करणार. बोटीच्या सलूनमध्ये, म्हणजे जेवणाच्या दालनात, साहेबलोकांची जेली हजारदा बघितली आहे. अवघड काही नाही.
कुलसुम माझ्याशी बोलत नाही. लाजाळू आहे.

४ मे, मंगळवार.
परसातली फुलं उकळली. पाणी वांग्याच्या रंगाचं झालं. बायको, जैबुन्निसा, म्हणाली, शाई करताय का. मग तिनेच लिंबू पिळलं, तर लालभडक. हे मला माहीत होतं. साखर घालून ठेवली.
संध्याकाळी ६. पातळच. हवा दमट आहे.

५ मे.
अजून पातळ. मुंग्या लागल्या.

८ मे, शनिवार.
शेजारचा बदरुद्दीन माझ्याच बोटीवर स्वयंपाकी होता. म्हणतो, चायना ग्रास, म्हणजे समुद्री शेवाळाच्या वाळवलेल्या पट्ट्या, घातल्याशिवाय जेली धरत नाही, आणि बोटीवर बर्फाची खोली होती. वर म्हणतो, तू तर बशा धुवायचास. पण जेलीचा शेवट मीच बघायचो, हे त्याला सुचत नाही. चायना ग्रास मात्र त्यानेच मुंबईहून मागवून दिलं.

१२ मे, बुधवार.
जेली धरली. जरा जास्तच. कापायला सुरी लागली. जैबुन्निसाने तोंडात घातली आणि बराच वेळ चावत राहिली. कुलसुमने बोटाने दाबून बघितली आणि खुदकन हसली. मी दिसताच आत गेली.
ती अशी हसते, हे ठाऊक नव्हतं.

१५ मे, शनिवार.
चायना ग्रास निम्मं घातलं. गार व्हावी म्हणून डबा विहिरीत सोडला. गाठ मीच मारली. दुपारी दोर वर आला, डबा नाही आला. दोर जुना होता. परसात आता कळ्याच उरल्यात. थकलो.

१६ मे, रविवार.
सकाळी ओट्यावर टोपलीभर जास्वंद. कुलसुमने चार घरं फिरून आणली, असं जैबुन्निसा म्हणाली. उरलंसुरलं चायना ग्रास घालून शिजवली. धरायच्या आत पाहुणे आले. मी काही सुचवणार, तोवर जैबुन्निसाने त्यात गार पाणी ओतून पेले भरले. व्याह्यांनी दोनदा मागून घेतलं.
बैलगाडीत चढताना कुलसुम वळली. म्हणाली, "अब्बा, तुमचं सरबत फार छान झालं. कसं करायचं?"
जेली होती, असं म्हणवलं नाही. फुलं धुवायची, मग उकळायची, इथवर सांगितलं. तेवढ्यात बैल निघाले.
जैबुन्निसाने तळाशी उरलेलं मला दिलं. आम्ही दोघं ओट्यावर बसलो. प्यालो.
सरबतच होतं.