तिसरं मत माझं

जळगाव, मंगळवार, ९ सप्टेंबर

काल लिहिलं की खेळता खेळता वैशालीचं नेट गेलं. ते खोटं आहे. आम्हीच तिला खेळातून काढलं. त्याला तीन मतं लागतात. तिसरं माझं होतं.

चित्र बघून शब्द ओळखायचा साधा खेळ. आम्ही चार मैत्रिणी आणि माझी धाकटी बहीण फोनवर खेळतो. वैशाली भराभर ओळखत होती. धुळ्याहून पूनमने लिहिलं, "ही बाई चोरून बघते! काढा हिला." चोरून बघत होते मी. बहीण शेजारीच बसलेली, तिची चित्र काढायची पाळी आली की तिच्या फोनवर शब्द दिसायचा. तरी मी बटण दाबलं. संशय माझ्यावर येऊ नये म्हणून?

लगेच वैशालीचा फोन. "काय झालं गं? माझं नेट गेलं का?"

"हो, तुझंच गेलं."

ती बिचारी भडगावला गच्चीवर जाऊन रेंज शोधत राहिली. आणि तिसरं मत माझं.

घरी अक्षरं शिकवताना आबा चुकलेलं खोडू द्यायचे नाहीत, खाली बरोबर लिहायला लावायचे. तसं आज लिहिलं. पण हे वाचणार मीच, वैशालीला कुठे कळलं? फोनवर नाही जमणार मला. भडगावला जाऊन तिच्यासमोर सांगणार, येत्या रविवारी, १४ तारखेला.