शेवटचं पान यमुनाकाकूंचं

मंगळवार, संध्याकाळ. माले, पौडजवळ.

फार दमलेय, पण हे आत्ताच लिहायला हवं. खासदारसाहेबांचं चरित्र मी उलटं लिहितेय. सुरुवात संसदेपासून, आणि शेवटी पौडच्या कोर्टातला तरुण वकील. आज त्यांना सांगितलं, तर खूश झाले. मग म्हणाले, "म्हणजे शेवटच्या पानावर काय येणार?"

"तुमची पहिली केस. यमुनाकाकूंच्या शेताच्या वाटेची."

काकू आमच्या शेजारी. फी म्हणून दरवर्षी नव्या आंबेमोहराची पिशवी द्यायच्या. साहेब निवडून दिल्लीला गेले, केस ज्युनिअरकडे गेली. तारखा अजून पडतायत. आणि काकू साहेबांना पिशवी अजून पाठवतात.

साहेब खुर्चीत मागे रेलले. "काय वास असतो गं त्या तांदळाला!" मग म्हणाले, "तू सरळच लिही. लोकांना तीच सवय असते."

सरळ लिहिलं की काकू सुरुवातीलाच येऊन विसरल्या जातात. हे ओळखूनच म्हणाले ना? की मीच उगाच?

घरी आले तर काकू ओट्यावर बसलेल्या. "काय म्हणलं आमचं वकील?" खासदार म्हणणं त्यांना अजून जमत नाही.

"तुमच्या तांदळाची आठवण काढली."

"तांदळाची ऱ्हाऊ दे. वाटंची काढली का?"

मी मान हलवली. नाही.

काकू उठल्या, पदर झटकला. "मग औंदाचा तांदूळ आमीच खातो."

उलटंच लिहिणार. काम गेलं तर गेलं. फक्त 'काकू पिशवी अजून पाठवतात' हे शेवटचं वाक्य बदलायचंय. पिशवी घरीच राहते.